भाषागणना आणि भाकीत: सामाजिक बदलाच्या मापनाचा एक भारतीय इतिहास

१. प्रश्नाचे स्वरूप

समाज बदलतो, हे विधान कोणालाही मान्य होण्यासारखे आहे. तो किती बदलला आणि पुढे कोणत्या दिशेने बदलेल, हे सांगायचे झाले म्हणजे मात्र मापनाचे साधन लागते. अशा साधनाविषयीचा आत्मविश्वास एकोणिसाव्या शतकातील युरोपात प्रबळ झाला. बेल्जियन संख्याशास्त्रज्ञ आदोल्फ केतले याने १८३५ साली ‘सरासरी मनुष्या’ची कल्पना मांडली. व्यक्तीचे वर्तन अनिश्चित असले तरी समूहाचे वर्तन नियमबद्ध असते आणि म्हणून ते मोजता येते, अशी तिच्यामागची धारणा होती. पुढे अमेरिकेत विल्यम ऑगबर्न यांच्या देखरेखीखाली झालेल्या संशोधनातून १९३३ साली तेथील सामाजिक प्रवाहांचा विस्तृत अहवाल प्रसिद्ध झाला. गतकाळातील आकड्यांची मालिका मांडावी, तिची दिशा ओळखावी आणि ती रेषा पुढे न्यावी, ही भाकिताची रीत तोपर्यंत रूढ झाली होती.

भारतात या रीतीला सर्वांत मोठी सामग्री पुरवली ती दशवार्षिक जनगणनेने. जात, धर्म, व्यवसाय, साक्षरता, स्थलांतर आणि भाषा अशा अनेक अंगांनी समाजाचे मापन तिने केले. यांपैकी जात आणि धर्म यांच्या गणनेची चर्चा समाजशास्त्रात व इतिहासलेखनात विपुल झाली आहे. भाषेच्या गणनेकडे त्या मानाने कमी लक्ष गेले. तौलनिक साहित्याभ्यासाच्या दृष्टीने मात्र तीच अधिक महत्त्वाची आहे. ‘भारतीय साहित्ये’ असे म्हणताना ज्या भाषांची यादी गृहीत धरली जाते, ती यादी घडवण्यात जनगणनेच्या तक्त्यांचा वाटा मोठा आहे, आणि कोणती भाषा वाढते, कोणती मरते याविषयीची भाकितेही बहुतेक वेळा याच तक्त्यांवर उभी असतात.

प्रस्तुत निबंधाचे प्रतिपादन असे, की भाषागणनेच्या दोन आकड्यांतील फरक हा लगेच भाषिक बदल मानता येत नाही. त्या फरकात किमान तीन भिन्न घटक मिसळलेले असतात: गणना करणाऱ्या कार्यालयाचे वर्गीकरण, उत्तर देणाऱ्याची घोषणा आणि लोकसंख्येची नैसर्गिक वाढ वा घट. हे तिन्ही वजा केल्यावर जे उरते, त्यालाच भाषांतरण म्हणजे एक भाषा सोडून दुसरी स्वीकारण्याची प्रक्रिया म्हणता येते. भारतीय भाषांविषयीची अनेक भाकिते चुकीची किंवा अपुरी ठरली, ती ही वजाबाकी न केल्यामुळे.

२. खानेसुमारीपासून मातृभाषेच्या रकान्यापर्यंत

गणनेची कल्पना भारताला सर्वस्वी नवी नव्हती. पेशवेकालीन दप्तरांत खानेसुमारीचे कागद आढळतात. ‘खानेसुमारी’ हा शब्दच सांगतो, की त्या गणतीचे एकक घर होते. तिचा संबंध मुख्यतः करआकारणीशी व बंदोबस्ताशी होता, आणि घरातील माणसे कोणती भाषा बोलतात हा प्रश्न तिच्या कक्षेत येत नव्हता. पुढे मराठीत ‘शिरगणती’ आणि ‘जनगणना’ हे शब्द रूढ झाले. घराऐवजी व्यक्ती हे एकक झाल्याचा हा शब्दांतील पुरावा होय.

ब्रिटिश अमलात १८७२ च्या सुमारास झालेली पहिली देशव्यापी गणना सर्वत्र एकाच वेळी झाली नव्हती. १७ फेब्रुवारी १८८१ रोजी झालेली गणना ही पहिली समकालिक गणना. डब्ल्यू. सी. प्लाउडन हे तिचे आयुक्त होते. भाषेचा प्रश्न या गणनेपासून नियमित झाला. त्याचे शब्द मात्र स्थिर राहिले नाहीत. १८८१ मध्ये मातृभाषा विचारली गेली, १८९१ मध्ये आईवडिलांची भाषा, तर १९०१ पासूनच्या तीन गणनांत नेहमीच्या वापरातील भाषा. १९३१ मध्ये पुन्हा मातृभाषेचा प्रश्न आला आणि त्याच्या जोडीला दुय्यम भाषेचीही विचारणा झाली. १९४१ ची गणना महायुद्धामुळे पूर्णपणे तक्तेबद्ध झाली नाही. स्वातंत्र्योत्तर गणनांत मातृभाषेची व्याख्या आईशी जोडली गेली. आईने व्यक्तीशी तिच्या बालपणी जी भाषा बोलली ती मातृभाषा. आई लहानपणीच वारली असल्यास बालपणी घरात मुख्यतः बोलली जाणारी भाषा मातृभाषा समजावी, असा निर्देश प्रगणकांना दिला जातो.

या तिन्ही प्रश्नांची उत्तरे एकाच व्यक्तीच्या बाबतीत तीन असू शकतात. सुरतेत वाढलेल्या, मराठी आईवडिलांच्या, गुजराती शाळेत शिकून बाजारात गुजराती वापरणाऱ्या माणसाची ‘आईवडिलांची भाषा’ आणि ‘नेहमीच्या वापरातील भाषा’ एक असेलच असे नाही. साहजिकच १८९१ आणि १९०१ यांच्या आकड्यांची तुलना करताना भाषेची मोजपट्टीच बदललेली असते. शिवाय आजची व्याख्या व्यक्तीच्या भूतकाळाविषयी आहे. आज साठ वर्षांच्या माणसाने सांगितलेली मातृभाषा ही त्याच्या आईने सहा दशकांपूर्वी वापरलेली भाषा होय. त्यामुळे घराघरात आज घडणारा बदल या रकान्यात एका पिढीच्या विलंबाने उमटतो. भविष्याविषयी बोलण्यासाठी वापरला जाणारा आकडा अशा रीतीने मुळात स्मृतीचा आकडा आहे.

३. वर्गीकरण: कार्यालयात घडणारा बदल

जॉर्ज ग्रियर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाने वर्गीकरणाची चौकट सिद्ध केली. १९०३ ते १९२८ या काळात त्याचे अकरा खंड अनेक भागांत प्रसिद्ध झाले आणि त्यांत १७९ भाषा व ५४४ बोली नोंदवल्या गेल्या. मद्रास प्रांत, हैदराबाद आणि म्हैसूर ही संस्थाने सर्वेक्षणाबाहेर राहिली. नमुना म्हणून बायबलमधील उधळ्या पुत्राची कथा शक्य तितक्या भाषा-बोलींत रूपांतरित करून घेण्यात आली. एकाच संहितेची शेकडो रूपांतरे शेजारी ठेवण्याचा हा उपक्रम तौलनिक अभ्यासाच्या इतिहासातही नोंद घेण्यासारखा आहे. पण त्याचा प्रशासकीय परिणाम अधिक दूरगामी ठरला. भाषा कोणती आणि बोली कोणती, ही रेघ सर्वेक्षणाने आखली आणि जनगणनेच्या कार्यालयांनी ती पुढे चालवली, काही ठिकाणी बदललीही.

मराठीला वाहिलेल्या सातव्या खंडात (१९०५) कोकणी ही मराठीची बोली म्हणून आली. खानदेशी मात्र नवव्या खंडात भिल्ली भाषांसोबत ठेवली गेली. या दोन निर्णयांचे पुढचे भवितव्य परस्परविरोधी आहे. कोकणीला १९७५ मध्ये साहित्य अकादमीची मान्यता मिळाली, १९८७ मध्ये ती गोव्याची राजभाषा झाली आणि १९९२ च्या एकाहत्तराव्या घटनादुरुस्तीने आठव्या अनुसूचीत आली. खानदेशी जनगणनेत आजही स्वतंत्र भाषा म्हणून मोजली जाते आणि अहिराणी तिच्यात समाविष्ट होते. २००१ मध्ये खानदेशीचे भाषक २०,७५,२५८ होते. २०११ मध्ये ते १८,६०,२३६ झाले. धुळे-जळगावकडील एखाद्या कुटुंबाने ‘अहिराणी’ सांगितले तर त्याची गणना मराठीबाहेर होते, ‘मराठी’ सांगितले तर मराठीत. घरातील बोलणे दोन्ही वेळा तेच असू शकते. वाङ्मयेतिहासाचा निकष याहून वेगळा आहे. बहिणाबाई चौधरी यांची कविता खानदेशातील लेवा बोलीत आहे, आणि मराठी कवितेच्या इतिहासात तिचे स्थान वादातीत आहे. वाङ्मयेतिहास सामावून घेतो तेथे तक्ता वेगळे काढतो. कधी याच्या उलटही घडते.

उलट घडण्याचे सर्वांत मोठे उदाहरण हिंदीचे. ग्रियर्सन यांनी मैथिली, मगही आणि भोजपुरी यांना ‘बिहारी’ या स्वतंत्र गटात ठेवले होते. १९७१ पासूनच्या भाषावार तक्त्यांत या भाषा हिंदीखाली एकवटलेल्या दिसतात. २०११ मध्ये हिंदीभाषकांची संख्या सुमारे ५२.८३ कोटी, म्हणजे लोकसंख्येच्या ४३.६३ टक्के दिली आहे. त्यांत भोजपुरीचे सुमारे ५.०५ कोटी, राजस्थानीचे २.५८ कोटी, छत्तीसगढीचे १.६२ कोटी आणि मगहीचे १.२७ कोटी भाषक आहेत. ज्यांनी ‘हिंदी’ हेच नाव सांगितले, अशांची संख्या सुमारे ३२.२२ कोटी, म्हणजे सुमारे २६.६ टक्के आहे. मैथिली २००३ च्या ब्याण्णवाव्या घटनादुरुस्तीने आठव्या अनुसूचीत आल्यावर २००१ च्या गणनेच्या भाषा-तक्त्यांत ती स्वतंत्र दाखवली गेली आणि तिचे सुमारे १.२२ कोटी भाषक हिंदीच्या बेरजेतून बाहेर पडले. मिथिलेत त्यासाठी एकाही माणसाने आपले बोलणे बदलले नव्हते.

नावांच्या संख्येतही हेच दिसते. १९६१ च्या गणनेने १,६५२ मातृभाषांची यादी दिली. १९७१ पासून दहा हजारांपेक्षा कमी भाषक असलेल्या भाषा स्वतंत्रपणे दाखवल्या जाईनाशा झाल्या. २०११ मध्ये लोकांनी सांगितलेली कच्ची नावे १९,५६९ होती. त्यांच्या छाननीतून १,३६९ मातृभाषा निश्चित झाल्या, १,४७४ नावे अवर्गीकृत राहिली आणि अखेरीस १२१ भाषा तक्त्यात आल्या. १,६५२ आणि १२१ हे आकडे शेजारी ठेवून पन्नास वर्षांत भारताने दीड हजार भाषा गमावल्या, असे विधान अधूनमधून केले जाते. ते टिकणारे नाही, कारण एक आकडा नावांच्या यादीचा आहे आणि दुसरा गटवारीनंतरच्या भाषांचा. पण म्हणून छोट्या भाषांची हानी झालीच नाही, असे मानणेही तितकेच चूक होईल. दहा हजारांचा उंबरठा आखल्यामुळे हानी सर्वाधिक संभवनीय असलेल्या भाषाच तक्त्यातून अदृश्य झाल्या. गणेश देवी यांच्या पुढाकाराने २०१० मध्ये सुरू झालेल्या भारतीय भाषांच्या लोकसर्वेक्षणाने ७८० भाषांची नोंद केली, ती या अदृश्यतेला दिलेले उत्तर म्हणून पाहावी लागते.

४. घोषणा: उत्तर देणाऱ्याचा हेतू

बर्नार्ड कोन यांनी जनगणना आणि समाजरचना यांविषयीच्या निबंधात असे दाखवले, की गणनेच्या प्रश्नांना उत्तरे देता देता भारतीय समाज स्वतःकडे एक वस्तू म्हणून पाहू लागला. सुदीप्त कविराज यांनी ‘धूसर’ आणि ‘गणलेले’ समुदाय असा भेद केला. पूर्वीच्या समुदायांना आपण किती आहोत हा प्रश्न पडत नव्हता, नव्यांना तो सतत पडतो. १९०१ च्या गणनेत हर्बर्ट रिस्ले यांनी जातींची सामाजिक श्रेष्ठतेनुसार क्रमवारी लावण्याचा प्रयत्न केला, तेव्हा जातिसभांनी आपले स्थान वरचे ठरावे म्हणून अर्जांचा पाऊस पाडला. मोजमापाने मोजल्या जाणाऱ्याला कृतिप्रवण केले.

भाषेच्या बाबतीत ही प्रक्रिया पंजाबात सर्वांत उघडपणे घडली. हिंदी-पंजाबी वाद इतका तीव्र होता, की १९५१ मध्ये पंजाब व लगतच्या प्रदेशांत हिंदी, उर्दू, पंजाबी आणि पहाडी यांचे आकडे वेगळे न देता एकत्र देण्यात आले. १९६१ मध्येही घरी पंजाबी बोलणाऱ्या अनेक हिंदू कुटुंबांनी मातृभाषा म्हणून हिंदी नोंदवली. १९६६ मध्ये शाह आयोगाने सीमा सुचवताना १९६१ च्या याच भाषिक आकड्यांचा आधार घेतला आणि १ नोव्हेंबर १९६६ रोजी हरियाणा अस्तित्वात आला. एका रकान्यात लिहिलेल्या शब्दाने पाच वर्षांत राज्याची सीमा ठरवली. पंजाबमध्ये त्या दशकात भाषा किती बदलली हे ते आकडे सांगत नाहीत. आपण कोण म्हणून ओळखले जावे याविषयीची लोकांची इच्छा किती बदलली, हे मात्र ते नेमके सांगतात.

मुंबईच्या प्रश्नात आकड्याचा अर्थ काय, हाच वादाचा विषय झाला. शहरातील मराठी भाषकांचे प्रमाण निम्म्याहून कमी असल्याचा मुद्दा मुंबई महाराष्ट्रापासून वेगळी ठेवू पाहणाऱ्यांनी सातत्याने मांडला. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १९४८ मध्ये भाषावार प्रांत आयोगापुढे ठेवलेल्या निवेदनात या युक्तिवादाला उत्तर देताना कलकत्त्याची तुलना पुढे केली. देशभरातून माणसे आकर्षून घेणाऱ्या बंदराच्या शहरात शिरगणतीवरून भूमीचा संबंध ठरवता येत नाही, हा त्यामागचा विचार. राज्य पुनर्रचना आयोगाने १९५५ च्या अहवालात सत्तर टक्क्यांहून अधिक लोक एक भाषा बोलत असतील तर राज्य एकभाषी समजावे, असा निकष सुचवला. त्यानंतर टक्केवारी हे केवळ वर्णन राहिले नाही. सीमा, प्रशासन आणि १९५६ मध्ये घटनेत आलेल्या कलम ३५० अ नुसार अल्पसंख्य भाषकांच्या मुलांचे प्राथमिक शिक्षण, या सर्वांशी ती जोडली गेली.

घोषणेचा घटक किती मोठा असू शकतो, याचे सर्वांत स्पष्ट प्रमाण संस्कृतचे आकडे देतात. संस्कृत ही मातृभाषा असल्याचे सांगणारे १९८१ मध्ये ६,१०६ होते. १९९१ मध्ये ते ४९,७३६ झाले, २००१ मध्ये १४,१३५ आणि २०११ मध्ये २४,८२१. दहा वर्षांत आठपट वाढ आणि पुढच्या दहा वर्षांत दोन तृतीयांशांहून अधिक घट, हे कोणत्याही भाषेच्या पिढीगत संक्रमणात घडू शकत नाही. आईकडून मुलाकडे भाषा जाण्याचा वेग एवढा नसतो. येथे मोजली गेली ती निष्ठा. १९८१ आणि १९९१ हे दोन बिंदू जोडून कोणी रेषा पुढे नेली असती, तर २००१ साठी त्याने सुमारे ९३ हजारांचे भाकीत केले असते.

५. लोकसंख्या: जन्म, मृत्यू आणि भाषा

तिसरा घटक सर्वांत साधा आणि म्हणूनच वारंवार विसरला जाणारा आहे. भाषकांची संख्या जन्ममृत्यूंमुळेही बदलते. २००१ मध्ये मराठीचे भाषक ७,१९,३६,८९४ होते, २०११ मध्ये ८,३०,२६,६८०. या दशकात मराठीने तेलुगूला मागे टाकून देशात तिसरे स्थान मिळवले. त्याच दशकात देशाच्या लोकसंख्येतील मराठीचा वाटा मात्र ६.९९ वरून ६.८६ टक्क्यांवर आला. एकाच तक्त्यातून मराठीचा उत्कर्षही सिद्ध करता येतो आणि ऱ्हासही. दोन्ही वाचने झालीही आहेत. वस्तुतः मराठी भाषकांची दशवार्षिक वाढ सुमारे १५.४ टक्के, महाराष्ट्राच्या लोकसंख्येची सुमारे १६ टक्के आणि देशाची १७.७ टक्के होती. वाटा घटला तो मुख्यतः महाराष्ट्रातील जननदर देशाच्या सरासरीपेक्षा आधी उतरल्यामुळे. तमिळ, तेलुगू, मल्याळम या भाषांच्या वाट्यातील घटीमागेही हेच कारण प्रमुख आहे. ज्या समाजांत स्त्रीशिक्षण आणि आरोग्यसेवा आधी पोहोचल्या, त्या समाजांच्या भाषा टक्केवारीत मागे पडतात. याला भाषेचा ऱ्हास म्हणणे म्हणजे एका सामाजिक प्रगतीची नोंद दुसऱ्या खात्यावर अधोगती म्हणून करणे होय.

याच्या दुसऱ्या टोकाला अंदमान आहे. १९०१ च्या गणनेत ग्रेट अंदमानी समूहाची संख्या ६२५ होती. १९६१ मध्ये ती १९ वर आली. वसाहतीबरोबर आलेल्या रोगांनी आणि विस्थापनाने येथे माणसेच नाहीशी झाली. २६ जानेवारी २०१० रोजी बोआ सीनियर यांच्या निधनाबरोबर ‘बो’ भाषेची अखेरची भाषक गेली. येथे भाषेचा मृत्यू हे कोणतेही रूपक नाही, आणि आकड्यांची रेषा जे सांगत होती तेच घडले. भाकीत खरे ठरले ते मोजमापाच्या सूक्ष्मतेमुळे नव्हे, तर ऱ्हासाचे कारण अखंड चालू राहिले म्हणून.

या दोन टोकांच्या मध्ये उर्दूचे उदाहरण ठेवावे लागते. २००१ मध्ये उर्दू मातृभाषा सांगणारे सुमारे ५.१५ कोटी होते, २०११ मध्ये ५.०७ कोटी. उत्तर प्रदेशात हा आकडा सुमारे १.३३ कोटींवरून १.०८ कोटींवर आला; त्याच काळात त्या राज्यातील मुस्लिम लोकसंख्या सुमारे ३.०७ कोटींवरून ३.८५ कोटींवर गेली. जननदराने ही घट समजावता येत नाही आणि वर्गीकरणातही तसा बदल झालेला नाही. उरतात दोन शक्यता: घोषणा बदलली, किंवा नव्या पिढीने भाषा बदलली. हिंदी आणि उर्दू यांच्यात बोलण्याच्या पातळीवर सीमारेषा इतकी अस्पष्ट आहे, की लिपी आणि शाळा यांचा विचार केल्याशिवाय या दोहोंतील भेद कळत नाही. बालपणी उर्दू लिपी शिकण्याची सोय न मिळालेल्या माणसाने आपली भाषा ‘हिंदी’ म्हणून सांगितली, तर ती घोषणा म्हणायची की भाषांतरण? जनगणना हा प्रश्न उभा करू शकते, सोडवू शकत नाही.

६. भाकित: एक कथनप्रकार

आकड्यांवरून केलेले भाकित हे अखेर एक कथन असते. त्याला आरंभबिंदू, दिशा आणि शेवट असतो. रॉबर्ट मर्टन यांनी १९४८ मध्ये स्वतःलाच खरे ठरवणाऱ्या भाकिताची संकल्पना मांडली. भारतीय इतिहासात स्वतःला खोटे ठरवण्यासाठीच केलेल्या भाकितांची परंपरा त्याहून जुनी आहे. बंगालमधील यू. एन. मुखर्जी यांनी १९०९ मध्ये जनगणनेच्या अहवालांच्या आधारे हिंदू हा मरणपंथाला लागलेला समाज आहे, अशी लेखमाला लिहिली. स्वामी श्रद्धानंदांनी त्या भाकिताचा आधार घेऊन १९२६ मध्ये हिंदू संघटनेविषयीचे आपले पुस्तक रचले. ४२० वर्षांत समाज नामशेष होईल, हा हिशेब त्यात उद्धृत होतो. दोनतीन गणनांतील फरकावरून चार शतकांचे भवितव्य सांगणारे हे गणित संख्याशास्त्र म्हणून अगदी दुबळे होते. परंतु त्याचे सामर्थ्य गणितात नव्हतेच. शेवट आधी सांगून वाचकाला वर्तमानात कृतीस प्रवृत्त करणे, हे त्या लेखनाचे कार्य होते, आणि ते त्याने पार पाडले. त्या कृतीचे जातीय राजकारणावर झालेले परिणाम सर्वज्ञात आहेत.

मराठीविषयी इतिहासाचार्य वि. का. राजवाडे (१८६३–१९२६) यांनी ती मुमूर्षू असल्याचे प्रतिपादन केले, तेव्हा त्यांच्या युक्तिवादाचा पाया वेगळा होता. मराठी बोलणाऱ्यांची संख्या त्या काळी वाढतच होती. राज्यव्यवहार आणि ज्ञानव्यवहार यांची क्षेत्रे इंग्रजीकडे गेल्यावर भाषेच्या अंगी कोणते बळ उरते, हा त्यांच्या चिंतेचा विषय होता. बोलणाऱ्यांची संख्या हे मोजमाप लावले तर हे भाकित पूर्णपणे चुकले, असे म्हणावे लागेल. उच्च शिक्षण, न्यायालये आणि विज्ञान यांतील वापर हे मोजमाप लावले तर त्याचा निकाल अजून लागायचा आहे. एकच विधान एका मापाने असत्य आणि दुसऱ्या मापाने विचारणीय ठरते, याचा अर्थ विधानापेक्षा मापाची चर्चा आधी व्हायला हवी.

मायकेल क्राउस यांनी १९९२ मध्ये जगातील सुमारे नव्वद टक्के भाषा एका शतकात नष्ट होतील किंवा मरणोन्मुख होतील, अशी शक्यता वर्तवली. त्यापूर्वी एक वर्ष जोशुआ फिशमन यांनी भाषेच्या स्थितीची आठ पायऱ्यांची मोजणी सुचवली होती. तिच्यात भाषकांच्या संख्येला दुय्यम आणि पुढच्या पिढीकडे होणाऱ्या संक्रमणाला मध्यवर्ती स्थान आहे. भारतीय अनुभवाशी ही दृष्टी अधिक जुळते. लाखो भाषक असलेली भाषा दोन पिढ्यांत घराबाहेर जाऊ शकते आणि काही हजारांची भाषा पिढ्यान्‌पिढ्या टिकू शकते. कोकणीचे आकडे या दृष्टीने पाहण्यासारखे आहेत: १९९१ मध्ये १७,६०,६०७, २००१ मध्ये २४,८९,०१५ आणि २०११ मध्ये २२,५६,५०२. पहिल्या दशकातील सुमारे ४१ टक्क्यांच्या वाढीत घटनात्मक मान्यतेनंतरच्या घोषणेचा भाग असणार, हे उघड आहे. दुसऱ्या दशकातील घट अधिक गंभीरपणे घ्यावी लागते, कारण ती मान्यता मिळाल्यानंतरची आहे.

७. जे मोजले गेले नाही

आणखी एक घटक कोणत्याच रकान्यात येत नाही, आणि साहित्याच्या अभ्यासकाला त्याचेच महत्त्व सर्वाधिक. गजानन माधव मुक्तिबोध आणि शरच्चंद्र मुक्तिबोध हे सख्खे भाऊ. ग्वाल्हेर संस्थानात स्थिरावलेल्या मराठी कुटुंबात ते वाढले. थोरला आधुनिक हिंदी कवितेचा एक प्रमुख कवी झाला, धाकटा मराठीतील महत्त्वाचा कवी व समीक्षक. जनगणनेच्या तक्त्यात या दोघांची नोंद एकाच भाषेखाली होईल. कन्नड साहित्यात द. रा. बेंद्रे यांच्या घरची भाषा मराठी, मास्ती वेंकटेश अय्यंगार यांच्या घरची तमिळ आणि गिरीश कार्नाड यांची मातृभाषा कोकणी. तिघांनाही कन्नड लेखनासाठी ज्ञानपीठ पुरस्कार मिळाला, अनुक्रमे १९७३, १९८३ आणि १९९८ या वर्षांचा. मातृभाषेच्या तक्त्यावरून कन्नड साहित्याची मोजदाद करू पाहणाऱ्याला हे तिघेही सापडणार नाहीत.

हे अपवाद आहेत असे म्हणून भागत नाही. तंजावरपासून इंदूर-बडोद्यापर्यंत, जेथे जेथे एक समाज दुसऱ्या भाषेच्या प्रदेशात पिढ्यान्‌पिढ्या राहिला, तेथे घर, शाळा, देवघर आणि ग्रंथ यांच्या भाषा वेगवेगळ्या असणे हीच सर्वसाधारण स्थिती होती. १९६१ पासून जनगणना मातृभाषेखेरीज आणखी दोन भाषांची नोंद करते, त्यामुळे द्विभाषिकतेचा अंदाज येतो. कोणती भाषा वाचली जाते, कोणतीत लिहिले जाते आणि कोणती मुलांना दिली जाते, हे मात्र त्या नोंदीतून कळत नाही. भाषेच्या भवितव्याचा निर्णय या तीन क्रियांतच होत असतो.

८. समारोप

२०२१ मध्ये अपेक्षित असलेली जनगणना कोविडच्या साथीमुळे लांबली. १६ जून २०२५ रोजी निघालेल्या अधिसूचनेने देशाच्या बहुतांश भागासाठी १ मार्च २०२७ ही संदर्भतिथी निश्चित केली. १८८१ पासून दर दहा वर्षांनी चालत आलेल्या मालिकेतील ही पहिली मोठी खंडितता होय. दरम्यान भाषाधोरणाचे महत्त्वाचे निर्णय झाले. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने मातृभाषेतील प्राथमिक शिक्षणावर भर दिला. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने मराठीसह पाच भाषांना अभिजात दर्जा देण्यास मान्यता दिली. पहिला निर्णय आजच्या मुलाच्या भाषेविषयी आहे, दुसरा भाषेच्या प्राचीनतेविषयी. या दोहोंना जोडणारे मापन अद्याप २०११ चेच आहे.

नवे आकडे येतील तेव्हा त्यांच्यावरून उत्कर्षाची आणि ऱ्हासाची भाकिते पुन्हा होतील. सोळा वर्षांच्या अंतरामुळे फरक मोठे दिसतील आणि रेषा पुढे नेण्याचा मोहही तितकाच मोठा असेल. त्या वेळी प्रत्येक फरकाला आधी तीन प्रश्न विचारावे लागतील: कार्यालयाने गटवारी बदलली काय, लोकांनी स्वतःचे नाव बदलून सांगितले काय आणि जन्मांचे प्रमाण बदलले काय. या प्रश्नांची उत्तरे मिळाल्यावर जो अंश उरेल, तो लहान असण्याची शक्यता आहे. उत्तर प्रदेशातील उर्दू, खानदेशी, कोकणी आणि दहा हजारांच्या उंबरठ्याखालील असंख्य भाषा यांच्या बाबतीत मात्र सामाजिक बदलाचा खरा पुरावा त्या लहान अंशातच असेल. तो अंश ओळखण्यासाठी तक्त्याबरोबर शाळेची हजेरीपुस्तके, ग्रंथालयांची मागणी, नियतकालिकांची वर्गणीदार-यादी आणि घराघरातील बालगीते यांच्याकडे जावे लागेल. संख्याशास्त्राचे काम जेथे संपते, तेथून तौलनिक साहित्याभ्यासाचे काम सुरू होते, आणि भाषांच्या भवितव्याविषयी जबाबदारीने बोलायचे असेल तर या दोन्ही कामांची सांगड घालण्यावाचून गत्यंतर नाही.